फ्रिजमधला दिवा लागत नाही? बल्ब आणण्याआधी एवढं तपासा

फ्रिज उघडला आणि आत अंधार दिसला की घरोघरी पहिलं वाक्य ठरलेलं असतं: बल्ब उडाला. मग कुणीतरी बल्ब आणतं, लावतं, आणि पुष्कळदा तोही पेटत नाही. फ्रिजमधला बल्ब दिवसाला काही मिनिटंच जळतो, त्यामुळे त्याचं आयुष्य संपायला वर्षं लागतात. दाराजवळचं बटण मात्र रोज तीस-चाळीस वेळा दाबलं आणि सोडलं जातं, तेही दमट जागेत, दुधाचे आणि लोणच्याच्या तेलाचे थेंब अंगावर घेत. म्हणून संशय घ्यायचा तो आधी बटणावर, मग होल्डरवर आणि त्यानंतर बल्बवर. तपासताना हात मात्र आधी बल्बलाच लावायचा, कारण तो काढून बघणं सगळ्यात सोपं असतं.

त्याहीआधी एक प्रश्न विचारायचा, आणि त्याला कुठलंच हत्यार लागत नाही: फ्रिज थंड करतोय का?

साध्या सिंगल डोअर फ्रिजमध्ये, म्हणजे ज्यातला बर्फ बटण दाबून वितळवावा लागतो त्या डायरेक्ट कूल प्रकारात, दिव्याची वायर सहसा थर्मोस्टॅटच्या आधीच वेगळी निघते. थर्मोस्टॅट फक्त कॉम्प्रेसर चालू-बंद करतो. त्यामुळे नॉब शून्यावर असला तरी दार उघडल्यावर दिवा लागला पाहिजे. यातून दोन निष्कर्ष निघतात. दिवा नाही पण कॉम्प्रेसर चालू आहे, तर वीज फ्रिजपर्यंत येते आहे आणि दोष फक्त दिव्याच्या वाटेवर आहे. दिवा नाही आणि कॉम्प्रेसरही नाही, तर बल्बला हात लावायची गरजच नाही, दोष भिंतीकडे आहे.

भिंतीकडचे दोष ओळखीचेच असतात. स्टॅबिलायझर असेल तर वीज आल्यावर तो लगेच आउटपुट देत नाही. साधारण तीन ते पाच मिनिटं थांबतो, आणि व्होल्टेज फार कमी किंवा फार जास्त असेल तर देतच नाही. तेवढ्या वेळात फ्रिज उघडला तर आत अंधारच दिसणार. दुसरा नेहमीचा दोष म्हणजे सैल सॉकेट. प्लगच्या पिना काळ्या पडल्यात का, प्लास्टिक पिवळं पडून फुगलंय का, हे प्लग काढून उजेडात नीट बघा. तसं दिसलं तर तो सॉकेट बदलल्याशिवाय फ्रिज पुन्हा लावू नका. मल्टिप्लग किंवा स्वस्त एक्स्टेंशनवर फ्रिज चालवला तर हे हमखास होतं.

कॉम्प्रेसरचा आवाज येत नाही एवढ्यावरून तो बंद पडलाय असं ठरवू नका. आतलं तापमान पुरेसं उतरलं की थर्मोस्टॅट तो बंद करतो. नॉब सगळ्यात थंड आकड्यावर फिरवून पाचेक मिनिटं थांबा आणि फ्रिजच्या मागच्या बाजूला हात टेकवून कंप जाणवतो का बघा. इन्व्हर्टर कॉम्प्रेसर इतका हळू चालतो की कानाला कळतही नाही.

उलटही होतं. दिवा झकास लागतो, पण आत काहीच थंड होत नाही. शोरूममध्ये मांडलेल्या काही फ्रिजमध्ये डेमो मोड असतो. त्यात दिवे आणि डिस्प्ले चालू राहतात, कॉम्प्रेसर चालत नाही. नव्या फ्रिजबद्दल अशी तक्रार असेल तर मेकॅनिक बोलावण्याआधी पुस्तिकेतलं डेमो मोडचं पान वाचा.

प्लग काढा, नुसतं बटण बंद करू नका

भिंतीवरचं बटण बंद केलं म्हणजे वीज तुटली, हे गृहीत धरू नका. जुन्या वायरिंगमध्ये बटण फेजवर, म्हणजे वीज आणणाऱ्या तारेवर, बसवण्याऐवजी चुकून न्यूट्रलवर, म्हणजे परतीच्या तारेवर, बसवलेलं सापडतं. तसं असेल तर बटण बंद असूनही फेज फ्रिजच्या आत येऊन थांबलेला असतो. फ्रिजच्या दाराच्या स्विचचंही तसंच आहे. सॉकेटमध्ये फेज-न्यूट्रलची अदलाबदल झालेली असेल, तर दिवा विझलेला असतानाही होल्डरमध्ये करंट असतो. दिवा बंद म्हणून होल्डरमध्ये बोट घातलं आणि झटका बसला, असं याच कारणाने होतं. प्लग सॉकेटमधून पूर्ण बाहेर काढा आणि तो डोळ्यांसमोर राहील असा ठेवा. हात कोरडे हवेत, पायात चप्पल हवी.

दार उघडल्या उघडल्या घराचा आरसीसीबी (करंट गळला की वीज तोडणारा स्विच) पडत असेल तर ती स्पष्ट खूण आहे की होल्डरमध्ये किंवा स्विचमध्ये पाणी शिरून करंट गळतो आहे. तेव्हा आरसीसीबी पुन्हा पुन्हा वर करू नका. प्लग काढा, कव्हर उघडा आणि तो भाग पूर्ण कोरडा होऊ द्या.

काम संपवून प्लग परत लावताना मध्ये किमान पाच मिनिटं जाऊ द्या. कॉम्प्रेसर नुकताच चालू होता आणि लगेच पुन्हा वीज मिळाली, तर गॅसचा दाब समतोल व्हायच्या आत त्याला सुरू व्हावं लागतं. तो अडखळतो आणि ओव्हरलोड, म्हणजे कॉम्प्रेसरला जपणारा छोटा स्विच, 'टिक' करून त्याची वीज तोडतो. खाण्याच्या वस्तूंची चिंता नको. दार बंद राहिलं तर चार तासांपर्यंत आतला गारवा टिकतो.

बल्ब काढणं आणि तपासणं

सिंगल डोअरमध्ये बल्ब बहुतेक वेळा थर्मोस्टॅटच्या नॉबच्याच प्लास्टिक बॉक्समध्ये असतो, दुधी किंवा पारदर्शक कव्हरखाली. कव्हर एकतर दोन बाजूंनी दाबून निघतं किंवा एका स्क्रूवर असतं. थंड प्लास्टिक ठिसूळ असतं, म्हणून दार दहा मिनिटं उघडं ठेवून ते खोलीच्या तापमानाला येऊ द्या, मगच जोर लावा. स्क्रू सापडत नाही म्हणून अख्खा बॉक्स ओढून काढायचा मोह टाळा. त्या बॉक्समधून थर्मोस्टॅटची केसासारखी बारीक नळी मागे बर्फाच्या कप्प्यापर्यंत गेलेली असते. ती मुडपली किंवा तुटली की थर्मोस्टॅट कायमचा गेला, आणि दिव्याच्या किरकोळ दुरुस्तीचं मोठं काम होऊन बसतं.

बल्ब डावीकडे फिरवून काढा. काच काळी पडली असेल किंवा आतली तार तुटून लोंबत असेल तर निकाल तिथेच लागला. तार शाबूत दिसत असेल तर मीटर लावा, पण इथे एक फसवी जागा आहे. १५ वॉटच्या बल्बची थंड असतानाची रेझिस्टन्स साधारण ३०० ओहमच्या आसपास असते. पेटल्यावर ती ३,५०० ओहमपर्यंत जाते. साध्या डिजिटल मल्टिमीटरची पहिली रेंज २०० ओहमची. त्या रेंजवर चांगला बल्बही 'ओपन', म्हणजे तुटलेला, दिसतो, आणि कंटिन्युइटीचा (जोड सलग आहे हे सांगणारा) बझर तर वाजतच नाही. चांगले बल्ब कचऱ्यात जातात ते अशाने. रेंज २,००० ओहमवर ठेवा. आकडा दिसला तर बल्ब ठीक आहे. एलईडी बल्बमध्ये आत ड्रायव्हर सर्किट असतं, त्यामुळे तो ओहमवर तपासताच येत नाही. तो दुसऱ्या होल्डरमध्ये लावूनच बघावा लागतो. बऱ्याच झुंबरांतल्या मेणबत्तीच्या आकाराच्या बल्बांना हाच बारीक आट्यांचा होल्डर असतो, तिथे लावून बघा.

बल्बची काच फुटून पितळी टोपी आत अडकली असेल तर प्लग काढल्याची पुन्हा खात्री करा, खालचे पदार्थ बाहेर काढा, कप्प्यावर वर्तमानपत्र पसरा. नोज प्लायरने टोपीची कड आतल्या बाजूला थोडी मुडपून धरा आणि डावीकडे हळूहळू फिरवा. गंज सोडवणारा स्प्रे फ्रिजच्या आत मारू नका. त्याचा वास दूध आणि लोणी धरून ठेवतं, आणि काही प्लास्टिकला त्याने तडेही जातात.

नवा बल्ब घेताना दुकानदाराला 'फ्रिजचा बल्ब' एवढंच सांगू नका. ई-१४ आटे म्हणजे १४ मिलिमीटर व्यासाची टोपी, २३० व्होल्ट, १५ वॉट, आणि काचेचा व्यास २२ ते २५ मिलिमीटर, असं सांगा. नाहीतर जुना बल्ब सोबत न्या. मुंबईत लोहार चाळ, पुण्यात तपकीर गल्ली इथे तो सहज मिळतो, आणि गावातल्या इलेक्ट्रिकच्या दुकानातही असतो. देवघरातला पिनांचा झिरो बल्ब यात बसत नाही. बसणारा असला तरी १५ वॉटच्या वर जाऊ नका. बंदिस्त कव्हरखाली २५ किंवा ४० वॉटच्या बल्बची उष्णता साठते, कव्हर वितळून वाकडं होतं, आणि शेजारच्या थर्मोस्टॅटला ती ऊब लागून तापमानाचा हिशेब बिघडतो.

एक-दोन वॉटचा ई-१४ एलईडी लावलेला चांगला. उष्णता नगण्य असते आणि तार तुटायचा प्रश्नच नाही. घेताना दोन गोष्टी बघा: तो कव्हरखाली मावतो का, आणि दार बंद केल्यावर अगदी मंद मिणमिणत तर राहत नाही ना. स्विच न्यूट्रलच्या बाजूला पडला असेल तर वायरींतून गळणाऱ्या सूक्ष्म करंटवरही काही एलईडी मिणमिणतात. तसं झालं तर बल्ब सदोष नाही, सॉकेटमधली फेज-न्यूट्रलची जागा इलेक्ट्रिशियनकडून तपासून घ्या.

होल्डर

बल्ब चांगला आहे आणि तरी पेटत नाही, किंवा कव्हरला टिचकी मारली की पेटतो, तर होल्डर बघा. होल्डरच्या तळाशी मधोमध पितळेची एक जीभ असते. बल्ब जोराने आवळला की ती दबून चपटी होते आणि बल्बच्या टोकाला टेकत नाही. प्लग बाहेर आहे हे पुन्हा बघून बारीक स्क्रू ड्रायव्हरने ती दोन मिलिमीटर वर उचला. तिच्यावर हिरवट किंवा काळा थर असेल तर शून्य नंबरच्या पॉलिश पेपरने घासून कोरड्या कापडाने पुसा. पावसाळ्यात आणि कोकण-गोव्याच्या खाऱ्या हवेत हा थर लवकर धरतो, कारण दर वेळी दार उघडलं की बाहेरची दमट हवा त्या थंड पितळेवर दव होऊन बसते. बर्फ वितळवताना वरच्या कप्प्यातलं पाणी बॉक्सवर ठिबकत असेल तर आधी ते बंद करा. पाण्याचा ट्रे सरकलाय की निचऱ्याचं भोक तुंबलंय, हे बघितल्याशिवाय होल्डर साफ करण्यात अर्थ नाही.

दाराचा स्विच

बहुतेक वेळा दोष सापडतो तो इथे. चौकटीच्या कडेला किंवा वर पांढरं बटण असतं, दार लागलं की दाबलं जाणारं. दार उघडं असताना आतली स्प्रिंग ते बाहेर ढकलते आणि सर्किट जोडलं जातं. म्हणजे दिव्याच्या दृष्टीने बटण सुटलेलं असणं हे चालू आणि दाबलेलं असणं हे बंद, घरातल्या बेलच्या बटणाच्या बरोबर उलट.

बोटाने दाबून सोडा. बाहेर येताना स्पष्ट 'टिक' आवाज आला पाहिजे आणि बटण पूर्ण उसळलं पाहिजे. अर्ध्यावर अडकत असेल तर बहुतेक साखरेचा पाक, आमरस किंवा दूध सांडून आत सुकलेलं असतं. कोमट पाण्यात भिजवून घट्ट पिळलेल्या फडक्याने बटणाच्या भोवती पुसा आणि वीस-पंचवीस वेळा दाबून सोडा. निम्मे स्विच एवढ्यानेच सुटतात असं म्हणणार नाही, पण हे केल्याशिवाय स्विच विकत आणू नये.

बटण नीट उसळतं आणि तरी दिवा नाही, तर स्विच बाहेर काढा. स्क्रू ड्रायव्हरच्या चपट्या टोकाला इन्सुलेशन टेप गुंडाळा म्हणजे चौकटीवर ओरखडे येणार नाहीत. मग एका कडेने अलगद उचला. बहुतेक स्विच नुसत्या दोन प्लास्टिक खाचांवर धरलेले असतात. टर्मिनल सोडवण्याआधी मोबाइलवर फोटो काढा, आणि वायर चौकटीला चिकटपट्टीने बांधून ठेवा. ती भोकातून आत घसरली तर परत काढणं फार जिकिरीचं होतं, कारण मागे सगळा फोम भरलेला असतो.

दोन टर्मिनलचा स्विच असेल तर मीटर कंटिन्युइटीवर ठेवा: बटण सुटलेलं, बझर वाजला पाहिजे, बटण दाबलं, बझर थांबला पाहिजे. दोन्ही वेळा शांत असेल तर आतले संपर्क जळालेत. दोन्ही वेळा वाजत असेल तर ते एकमेकांना चिकटलेत, म्हणजे दार बंद असतानाही दिवा जळतोय. स्विच उघडून घासत बसू नका, पूर्ण बदला.

बदलताना फ्रिजच्या मागच्या किंवा आतल्या स्टिकरवर गॅसचं नाव वाचा. आजच्या बहुतेक नव्या फ्रिजमध्ये आर-६००ए, म्हणजे आयसोब्युटेन असतो. तो ज्वालाग्राही आहे, आणि स्टिकरवर ज्वाळेची खूणही असते. गॅस आत गळू शकेल अशा जागेतले स्विच आणि इतर विजेचे भाग ठिणगीने पेट घेणार नाहीत अशा बनावटीचे असावे लागतात. म्हणून तिथे बाजारातला कुठलाही 'बसतोय ना' असा स्विच नको, त्याच मॉडेलचा त्याच पार्ट नंबरचा घ्या. ही काटकसर करायची जागा नाही.

फ्रॉस्ट फ्री डबल डोअरमध्ये हाच स्विच तीन किंवा चार टर्मिनलचा असू शकतो, कारण तो दोन कामं करतो. दार उघडलं की दिवा लावतो आणि त्याच क्षणी फ्रीजरमधला पंखा थांबवतो, म्हणजे थंड हवा स्वयंपाकघरात फेकली जाऊ नये. त्यामुळे दिव्याची तक्रार आणि थंडाव्याची तक्रार एकाच बटणातून येऊ शकते. बटण आतच अडकलं तर दिवा लागत नाही, शिवाय दार उघडं असताना पंखा फिरत राहतो, दमट हवा आत ओढली जाते आणि कॉइलवर बर्फ साठतो. बटण बाहेर अडकलं किंवा दार ते दाबतच नसेल, तर दिवा सतत जळतो आणि पंखा फिरतच नाही: फ्रीजर थंड, खालचा कप्पा कोमट. 'वर बर्फ होतोय पण खाली भाजी टिकत नाही' या तक्रारीवर गॅस भरून घेण्याआधी या बटणाकडे बघा. वायर परत जोडताना फोटो समोर ठेवा. दिव्याच्या आणि पंख्याच्या वायरींची अदलाबदल झाली तर दोन्ही उलटे चालतात.

वायर शाबूत आहे का, हे वीज न लावता कळतं

बल्ब, होल्डर, स्विच सगळं ठीक आणि तरी अंधार, अशा वेळी साध्या सिंगल डोअर फ्रिजमध्ये ही तपासणी फार उपयोगी पडते. प्लग बाहेर, बल्ब काढलेला, दार उघडं. नॉब शून्यावर आणा, हे विसरू नका. नॉब चालू असेल तर मीटरचा करंट कॉम्प्रेसरच्या वाइंडिंगमधून फिरून येतो आणि वायर तुटलेली असतानाही बझर वाजू शकतो. आता मीटरची एक तार प्लगच्या एका पिनेला आणि दुसरी होल्डरमधल्या जिभेला लावा, मग आट्यांच्या कडेला. तार पुरत नसेल तर मध्ये वायरचा तुकडा जोडा. एक पिन जिभेशी आणि दुसरी पिन आट्यांशी जुळली पाहिजे. आता दाराचं बटण दाबलं की या दोनपैकी एक जोड तुटला पाहिजे. जो जोड मुळातच मिळत नाही, त्याच बाजूची वायर तुटली आहे.

ती कुठे तुटली हे मागे कॉम्प्रेसरच्या खोबणीत बघा. तिथे ऊब असते, अंधार असतो, उंदीर तिथेच राहतात आणि वायर कुरतडतात. टर्मिनल ब्लॉकवरची वायर निघाली असेल किंवा कुरतडलेली दिसत असेल तर दुरुस्ती सोपी आहे. पण तुटलेली जागा फ्रिजच्या भिंतीतल्या फोममध्ये असेल तर ती वायर बाहेर ओढता येत नाही. फोम फोडायला जाऊ नका, त्याच भिंतीत गॅसच्या नळ्याही असू शकतात. तेव्हा एक चांगला बॅटरीचा सेन्सर दिवा आत लावणं हा मला पटणारा मार्ग आहे. फक्त गारठ्यात साध्या सेलची ताकद कमी भरते, हे धरून चाला.

एलईडी आणि बटण न दिसणारे फ्रिज

नव्या फ्रिजमध्ये आटे नसतात, छतावर किंवा बाजूला एलईडीची पट्टी असते. बऱ्याच मॉडेलमध्ये तिला मुख्य बोर्डाकडून १२ व्होल्ट डीसी मिळतो, काहींत थेट २३० व्होल्ट. अंदाजाने हात लावू नका, मॉड्यूलवर, म्हणजे त्या एलईडीच्या पट्टीवर, छापलेलं वाचा.

दाराचा स्विच अशा फ्रिजमध्ये बोर्डाला फक्त इशारा देतो, बाकी सगळं बोर्ड ठरवतो. कित्येक मॉडेलमध्ये बटणच नसतं. वरच्या बिजागरीच्या कव्हरखाली सेन्सर आणि दारात चुंबक असतो. यांची पहिली परीक्षा कानाने घ्यायची. दार उघडं ठेवून एक-दोन मिनिटं थांबा. दार उघडं असल्याचा अलार्म वाजला, तर बोर्डाला दार उघडल्याचं कळलंय, म्हणजे सेन्सर ठीक आहे आणि दोष एलईडी किंवा तिच्या वायरीत आहे. अलार्म वाजलाच नाही, तर सेन्सरवर संशय घ्या. त्याआधी फ्रिजच्या डोक्यावर बिजागरीपाशी स्पीकर किंवा दुसरं चुंबक असलेलं काही ठेवलंय का बघा. जवळचा ताकदीचा चुंबक सेन्सरला दार बंद असल्याचं भासवू शकतो.

दार खूप वेळ उघडं राहिलं तर काही फ्रिज दिवा आपणहून विझवतात, उष्णता वाढू नये म्हणून. आवराआवर करताना दिवा गेला तर दार लावून थोड्या वेळाने पुन्हा उघडून बघा.

मॉड्यूल १२ व्होल्टचं आहे याची खात्री असेल आणि मीटर हाताळायची सवय असेल, तर डीसी २० व्होल्टच्या रेंजवर कनेक्टरपाशी मोजा. १२ च्या आसपास मिळत असूनही अंधार असेल तर मॉड्यूल गेलं. काहीच नसेल तर वायर, सेन्सर किंवा बोर्ड. २३० व्होल्टचं मॉड्यूल चालू स्थितीत मोजणं घरी करायचं काम नाही. बोर्डाचं झाकण तर उघडूच नका. प्लग काढल्यावरही त्यावरच्या मोठ्या कपॅसिटरमध्ये काही काळ चार्ज राहतो.

एलईडी लुकलुकत असेल तर आधी कनेक्टर काढून पुन्हा घट्ट बसवा. तरी तसंच राहिलं तर मॉड्यूल शेवटच्या घटका मोजतंय. पट्टीतल्या एलईडी ओळीने जोडलेल्या असतात, एक गेली की तिच्या ओळीतल्या सगळ्या विझतात.

बल्ब परत परत उडत असेल तर

हिशेब करा. साध्या तारेच्या बल्बचं आयुष्य साधारण १,००० तास धरतात. दिवसाला ४० वेळा दार उघडलं आणि दर वेळी २० सेकंद उघडं राहिलं, तर बल्ब जळतो १३ मिनिटं, वर्षाला ८१ तासांच्या आसपास. म्हणजे तो बारा वर्षं टिकायला हवा. तोच बल्ब दार बंद असतानाही जळत राहिला तर १,००० तास सहा आठवड्यांत संपतात. दीड-दोन महिन्यांनी बल्ब उडत असेल तर पहिला संशय यावरच.

खात्री करायला मोबाइलवर व्हिडिओ सुरू करा, तो आत कप्प्यावर दाराकडे तोंड करून ठेवा, दार लावून अर्ध्या मिनिटाने उघडा. दार लागताच चित्र काळं झालं पाहिजे. सतत जळणारा १५ वॉटचा बल्ब महिन्याला जवळपास ११ युनिट वीज घेतो, आणि त्याची उष्णता बाहेर काढायला कॉम्प्रेसरचा खर्च वेगळा. अशा वेळी बऱ्याचदा स्विच चांगलाच असतो, दार खाली बसलेलं असतं. दाराच्या कप्प्यात पाण्याच्या भरलेल्या बाटल्या वर्षानुवर्षं ठेवल्या की बिजागरीची बुश झिजते आणि दार बटणापर्यंत पोचतच नाही. बिजागरीचे स्क्रू आवळा, बुश बदला, रबर कुठे सुटलंय का बघा.

दुसरं कारण व्होल्टेज. ते पाच टक्क्यांनी वाढलं तरी तारेच्या बल्बचं आयुष्य निम्म्यावर येतं. रात्री उशिरा सॉकेटमध्ये २५० च्या वर व्होल्टेज दिसत असेल तर बल्बपेक्षा फ्रिजचीच काळजी करायला हवी. तिसरं कारण थरथर. फ्रिजचे पाय समतल नसतील तर कॉम्प्रेसर सुरू-बंद होताना धक्का बसतो आणि तापलेली तार तुटते.

परदेशात राहणाऱ्यांसाठी दोन गोष्टी. अमेरिकेत फ्रिज १२० व्होल्टवर चालतो. जुन्या फ्रिजमध्ये बऱ्याचदा ई-२६ आट्यांचा ४० वॉटचा अप्लायन्स बल्ब असतो, म्हणून इथून नेलेला २३० व्होल्टचा बल्ब तिथे कामाचा नाही. तिथल्या काही मॉडेलमध्ये सब्बाथ मोडही असतो. ज्यू धर्मीयांच्या विश्रांतीच्या दिवशी दार उघडल्याने दिवा लागू नये म्हणून ती सोय केलेली असते. भाड्याच्या घरात आधीच्या भाडेकरूने तो चालू ठेवला असेल, तर काहीही न बिघडता दिवा लागत नाही. तो कसा बंद करायचा हे पुस्तिकेत असतं.

मेकॅनिकला फोन करायची वेळ आली तर आतल्या बाजूच्या स्टिकरवरचा पूर्ण मॉडेल नंबर, अलार्म वाजतो की नाही, आणि बटण दाबल्यावर पंख्याचा आवाज बदलतो की नाही, या तीन गोष्टी आधीच सांगा. म्हणजे तो योग्य भाग घेऊन येईल. वॉरंटी चालू असेल तर स्वतः मॉड्यूल उघडू नका. 'बोर्ड गेलाय' असं सांगितलं तर एलईडीच्या कनेक्टरवर किती व्होल्ट आले हे समोर मोजून दाखवायला सांगा, आणि काढलेला जुना भाग मागून घेऊन त्यावरचा नंबर नव्या भागाच्या नंबराशी ताडून बघा.